ओदावाराच्या फलाटावर चार दिवस

गुरुवार

"मावशी, ओदावाराला कोदामा बुलेट ट्रेन धरलीत तर पस्तीस मिनिटं, लोकलने दीड तास," भाचीने आदल्या रात्रीच सांगून ठेवलं होतं. ती टोकियोत निशी-कासाईला राहते, आणि तिच्या मते आई आणि मावशी या वयात लोकलचे धक्के खायला जपानला आलेल्या नाहीत. ताईने माझ्याकडे पाहिलं. मी लोकल म्हटलं.

त्याला कारण होतं. चोवीस वर्षं मी डोंबिवलीहून सीएसएमटीला जाते-येते. ठाण्याचं म्हणून जे बुलेट ट्रेनचं स्टेशन होणार आहे, ते खरं तर ठाण्यात नाही, दिव्याजवळ म्हातार्डीला आहे, म्हणजे माझ्या रोजच्या वाटेवर. मुंबई–अहमदाबाद हा मार्ग 508 किलोमीटरचा. जपानचा पहिला शिंकानसेन, म्हणजे बुलेट ट्रेनचा, मार्ग, तोकाईदो, टोकियो ते शिन-ओसाका 515.4 किलोमीटर. अंतर जवळपास तेवढंच. तेव्हा जपानला जायचं ठरलं त्या दिवसापासून मला एकच गोष्ट बघायची होती: एका साध्याशा गावाच्या स्टेशनात लोकल आणि बुलेट ट्रेन शेजारी शेजारी कशा नांदतात, आणि एकीतून उतरून दुसरीत चढायला माणसाला किती चालावं लागतं. टोकियो स्टेशन यासाठी उपयोगाचं नव्हतं, तिथे आपण हरवूनच जातो. ओदावारा बरोबर बेताचं.

टोकियोहून सुटणारी लोकल पंधरा डब्यांची होती. नारिंगी-हिरवा पट्टा, मधले दोन डबे दुमजली. ते जादा पैसे देणाऱ्यांचे, आपल्या फर्स्ट क्लाससारखे. आम्ही साध्या डब्यात लांब बाकावर बसलो. योकोहामापर्यंत गर्दी, मग हळूहळू गाडी रिकामी. कोझूनंतर डावीकडे समुद्र दिसायला लागला, आणि 83.9 किलोमीटर पूर्ण करून आम्ही ओदावाराला उतरलो. गाडी सुटताना भोंग्याऐवजी लहान मुलांच्या गाण्याची चाल वाजली.

जिना चढून वर आलं की तिकिटाच्या फाटकापाशी भलामोठा कागदी कंदील टांगलेला आहे, ताईच्या उंचीच्या दुपटीहून मोठा. ओदावाराचे घडीचे कंदील जुन्या काळापासून प्रसिद्ध. हाकोनेचा घाट चढणाऱ्या वाटसरूला मिटवून पडशीत टाकता यावा असा तो कंदील. एदो, म्हणजे आजचं टोकियो, ते क्योतो या जुन्या तोकाईदो रस्त्यावर त्रेपन्न मुक्काम होते, त्यांतला ओदावारा नववा. घाटाच्या पायथ्याचं गाव, म्हणून रात्री इथेच टेकायचं. आपल्या कसाऱ्याला, खोपोलीला जे कळतं ते या गावाला फार आधीपासून कळतं.

संध्याकाळी मी नुसते फलाट मोजत फिरले. एक-दोनवर दाइयुझान मार्गाची तीन डब्यांची चिमुकली गाडी. तीन ते सहा जेआरच्या, म्हणजे जपान रेल्वेच्या लोकल. सात ते अकरा ओदाक्यू या खासगी कंपनीच्या टोकियोतल्या शिंजुकूच्या गाड्या आणि हाकोनेकडच्या गाड्या. तेरा-चौदा शिंकानसेन. बारा नंबर नाही. ताईने दोनदा शोधला. हे सगळे फलाट एकमेकांना समांतर, आणि त्यांच्यावरून पूर्व-पश्चिम एकच रुंद पूल. पुलावर भाजीवाली बाई, शाळेची मुलं, गोल्फच्या पिशव्या घेतलेले आजोबा. तिकीट न काढता गावाच्या या बाजूचा माणूस त्या बाजूला जातो. स्टेशनने गावाचे दोन तुकडे केलेले नाहीत, हे मला सगळ्यात आधी आवडलं.

ताई गुरुवार पाळते, त्यामुळे गावाची प्रसिद्ध माशाची वडी, कामाबोको, आज बाद. दुकानातून भाताचे त्रिकोणी गोळे घेतले, आत उमेबोशी. हेही ओदावाराचंच, इथल्या सोगा भागात उमेच्या बागाच बागा आहेत. मिठात मुरलेलं, सुरकुतलेलं, लालबुंद फळ. पहिल्या घासाला ताईने डोळे घट्ट मिटले, मग म्हणाली, "आईच्या बरणीतली तळाची लिंबाची फोड." अगदी तीच चव.

शुक्रवार

सकाळी सहा वाजता एकटीच निघाले. फेब्रुवारीची थंडी, हात खिशातून काढवेना. लोकलच्या फलाटावर टोकियोला जाणारी माणसं आखलेल्या खुणांवर रांगा करून उभी होती. इथे पाच डबे मागाहून जोडून दहाची गाडी पंधराची करतात, तेही पाहिलं. दोन तोंडं हलकेच टेकली, खट असा आवाज, आणि लगेच प्रवासी चढायला लागले. आमच्याकडे पंधरा डब्यांची लोकल म्हणजे फलाट लांबवण्यापासून सुरुवात. इथे गर्दीच्या वेळेपुरते डबे वाढवायचे आणि पुढे सोडवून घ्यायचे.

मग फलाट तिकीट काढून तेरा-चौदावर गेले. त्या दिवशी मी तिथे दोन तास उभी होते.

रचना नीट सांगते, कारण सगळं मर्म तिच्यात आहे. चार रूळमार्ग. बाहेरचे दोन फलाटांना लागून, थांबणाऱ्या गाड्यांचे. मधले दोन न थांबता जाणाऱ्यांचे. तीन प्रकारच्या गाड्या: कोदामा प्रत्येक स्टेशन घेते, हिकारी मोजकी घेते, नोझोमी फक्त मोठी. नोझोमी ओदावाराला थांबत नाही. ताशी बारापर्यंत नोझोमी सोडता येतील असं वेळापत्रक 2020 पासून आहे. म्हणजे गर्दीच्या तासाला पाच मिनिटांना एक, त्याच रुळांवर. मग प्रत्येक स्टेशन घेणारी कोदामा त्यांच्या वाटेत येणार नाही का? येते. म्हणून ती ओदावारासारख्या स्टेशनात बाजूला होते, दारं उघडून उभी राहते, आणि मागून आलेली नोझोमी मधल्या रुळावरून निघून जाते.

मी समोरच्या फलाटावरून पाहत होते. कोदामा येऊन उभी राहिली. चार माणसं उतरली, वीसेक चढली. एक आजी खिडकीशी बसून संत्रं सोलत होती. फलाटावरच्या कर्मचाऱ्याने पांढऱ्या हातमोज्याचं बोट रुळाच्या दिशेने लांब केलं आणि मोठ्याने काहीतरी म्हणाला. जवळ कोणीच नव्हतं. जे बघायचं ते बोटाने दाखवायचं आणि तोंडाने म्हणायचं, म्हणजे नजर चुकत नाही, ही इथल्या रेल्वेची शिस्त. घोषणा झाली. आधी रूळ बारीक गुणगुणले. मग हवा पुढे ढकलली गेली, माझा स्कार्फ उडाला, आणि पांढरा पट्टा सुरू झाला. या मार्गावर 2015 पासून कमाल वेग ताशी 285 किलोमीटर आहे. सोळा डबे, चारशे मीटर लांबी, 1,323 आसनं. मी मोजलं, सहापर्यंत पोचायच्या आत संपलं. थांबलेली कोदामा एकदा हलली, जशी होडी शेजारून लाँच गेल्यावर हलते. आजीने मान वर केली नाही. तिचं संत्रं चालू.

आमच्याकडे मेल पुढे काढायला लोकल सिग्नलला उभी राहते तेव्हा आत दोनशे माणसं एका पायावर असतात, किती वेळ ते कोणी सांगत नाही, आणि डब्यात चिडचिड सुरू होते. इथेही हळू गाडीच थांबते आहे. पण ती फलाटाला लागून थांबते, किती मिनिटं ते छापलेलं असतं, आणि त्या मिनिटांत माणसं चढून घेतात, कोणी खाली उतरून चहाची बाटली आणतं. थांबणं वेळापत्रकातच धरलेलं आहे, त्यामुळे आपल्याला ताटकळत ठेवलंय असं त्या आजीला वाटत नाही. हा वेगाचा नव्हे, मांडणीचा गुण आहे, आणि तो लोकललाही देता येतो असं मला मनापासून वाटतं.

1964च्या 1 ऑक्टोबरला हा मार्ग सुरू झाला तेव्हापासून ओदावारा त्यावर आहे. इतक्या वर्षांत गाडी घसरून किंवा धडकून या मार्गावर एकाही प्रवाशाचा जीव गेलेला नाही. हे वाक्य मला सहज लिहिता येत नाही. 9 जून 2025ला मुंब्र्याच्या वळणावर दारातली माणसं पडली, त्या सकाळी मी मागच्या गाडीत होते. वळण रोज येतं. त्या फलाटावर उभं असताना सारखं तेच मनात येत होतं.

दुपारी ताईला घेऊन लोकलने एकच स्टेशन मागे, कामोनोमियाला गेलो. स्टेशनच्या दक्षिण बाजूला लहानसं स्मारक आहे. शिंकानसेनचा जन्म इथला, असं ते सांगतं. 1962मध्ये इथून सुमारे 32 किलोमीटरचा चाचणीमार्ग चालू झाला, आणि 30 मार्च 1963ला चार डब्यांची चाचणी गाडी ताशी 256 किलोमीटरवर गेली. स्मारकाशेजारी सायकली लावलेल्या, एक मुलगा बसची वाट बघत बसलेला.

इथे मला शिमा हिदेओ आठवले, शिंकानसेनचे मुख्य अभियंता. त्यांचे वडीलही रेल्वे अभियंता. जपानचे अरुंद रूळ रुंद करावेत म्हणून वडील झगडले आणि हरले. मुलाने 1,435 मिलिमीटरचा सर्वस्वी नवा मार्ग उभा केला. तोही सुखासुखी नाही. खर्च अंदाजाच्या जवळजवळ दुपटीवर गेला, तेव्हा रेल्वेचे अध्यक्ष सोगो शिंजी आणि त्यांच्या पाठोपाठ शिमा, दोघेही 1963मध्ये पायउतार झाले. उद्घाटनाचा सोहळा शिमांनी घरी टीव्हीवर पाहिला. जपाननेही तेव्हा कर्ज काढलं होतं, जागतिक बँकेचं, आठ कोटी डॉलर, आणि 1981पर्यंत फेडलं. आज आपला मार्ग जपानच्या कर्जावर होतो आहे. ताईला हे सांगितलं तर ती म्हणाली, "मग घर बांधताना कर्ज कोण काढत नाही? घर नीट बांधलं म्हणजे झालं."

रात्री कामाबोको. अर्धचंद्रासारखी वडी, बाहेरून गुलाबी, आत पांढरीशुभ्र, लाकडाच्या फळीवर थापून वाफवलेली. पूर्वापार गुची नावाच्या माशाची करतात, आपल्या ढोमीच्या जातकुळीतला. चावली की दाताला लवचीक लागते, वास जवळजवळ नाही. ताईला फार सौम्य वाटली, मला आवडली. फळी मात्र तिने धुऊन, पुसून पिशवीत टाकली.

शनिवार

भाची सकाळी आली, ओदाक्यूच्या गाडीने शिंजुकूहून. ही कंपनी 1927पासून इथे येते आहे, 82.5 किलोमीटर. तिच्याच एका गाडीने 1957मध्ये जेआरच्या आधीच्या सरकारी रेल्वेच्या रुळावर ताशी 145 किलोमीटर वेग गाठला होता. अरुंद रुळावरचा तेव्हाचा तो जागतिक विक्रम, आणि त्या चाचण्यांतून शिंकानसेनला बरंच शिकायला मिळालं. म्हणजे एकाच स्टेशनातले हे शेजारी एकमेकांचे नातेवाईकही आहेत.

हाकोनेला गेलो, सगळे जातात. सरोवर, गंधकाचा वास, धुक्यात दडलेला फुजी. ते वर्णन मी करत नाही. मला सांगायचंय ते रुळांबद्दल. वाटेत इरिउदा स्टेशनापासून पुढे दोनाऐवजी तीन रूळ दिसतात. ओदाक्यूची गाडी 1,067 मिलिमीटरची, घाटातली लाल गाडी 1,435ची. ओदाक्यूची घाटाखाली थांबते, पण लाल गाडीचं यार्ड इरिउदाला, म्हणून तेवढ्या पट्ट्यात एक रूळ सामाईक आणि बाकीचे आपापले. आणि गंमत बघा, 285च्या वेगाने जाणारी नोझोमी आणि डोंगरात माणसाच्या धावण्याइतकी हळू जाणारी ही दोन-तीन डब्यांची गाडी, दोघींच्या रुळांची रुंदी एकच.

लाल गाडी 1919पासून डोंगरातल्या गोरा स्टेशनापर्यंत जाते. चढ इतका की काही ठिकाणी एक किलोमीटरला ऐंशी मीटर. तीन ठिकाणी गाडी उलटी फिरते. चालक आणि गार्ड खाली उतरून फलाटावरून एकमेकांना ओलांडतात, टोकं बदलतात, आणि मागचा डबा पुढचा होतो. भोर घाटातही खंडाळ्याजवळ 1929पर्यंत गाडी अशीच उलटी फिरवावी लागत असे. आजोबांकडून ऐकलेलं ताईला आठवत होतं, पण कसं ते आम्हा दोघींना आज डोळ्यांनी कळलं. वळणावर चाकं करकरू नयेत म्हणून गाडी रुळांवर पाणी शिंपडत जाते. तेल टाकलं तर चढावर चाक घसरेल.

रविवार

सकाळी नेबुकावा. ओदावाराहून लोकलने दुसरं स्टेशन, डोंगराच्या कुशीत, खाली थेट समुद्र. फलाटावर आम्ही तिघी आणि एक कॅमेरावाला. वरच्या उतारावर संत्र्यांच्या बागा. 1 सप्टेंबर 1923ला दुपारी बाराच्या सुमारास मोठा भूकंप झाला तेव्हा स्टेशनात शिरणारी गाडी, फलाट, इमारत सगळं दरडीखाली समुद्रात गेलं. शंभरहून अधिक माणसं. स्टेशनात स्मारकाचा दगड आहे. भाचीने तिथे हात जोडले, मग आम्हीही. समुद्र इतका शांत आणि निळा होता की काही बोलवेना.

परत येताना ताईला आणखी एक गोष्ट सांगितली. 1889मध्ये टोकियो-ओसाका लोहमार्ग पूर्ण झाला तेव्हा ओदावारा त्यावर नव्हतंच. हाकोनेचा डोंगर टाळायला मार्ग कोझूहून आत गोतेम्बाकडे वळवला होता. नववा मुक्काम म्हणून शतकानुशतकं गजबजलेलं गाव एकदम आडबाजूला पडलं. कोझूहून घोड्यांची ट्राम यायची, तेवढाच आधार. आणि आतामीला जायला 1896पासून ओदावाराहून माणसांनी ढकलायची रेल्वे होती. खरोखर माणसं छोटे डबे ढकलत. चढ आला की स्वस्त तिकिटाच्या प्रवाशांनाही हात लावावा लागे, असं सांगतात. पंचवीसेक किलोमीटरला चार तास. इथे खरं स्टेशन आलं 1920मध्ये, आणि 1934मध्ये आतामीपुढचा तान्ना बोगदा सुरू झाल्यावर मुख्य मार्ग परत या गावातून गेला. तीस वर्षांनी शिंकानसेन आली ती याच स्टेशनला येऊन टेकली, लांब माळावर नाही. एकदा बाजूला पडल्याचं दुःख काय असतं, हे या गावाला माहीत होतं.

दुपारी किल्ला. स्टेशनापासून चालत दहा मिनिटं. आताची पांढरी वास्तू 1960ची, काँक्रीटची. होजो घराण्याचा हा किल्ला 1590मध्ये तोयोतोमी हिदेयोशीने वेढला. आत होजोंची मसलत चालली: लढायचं की शरण जायचं? दिवसामागून दिवस गेले, ठरेना, आणि शेवटी हरले. तेव्हापासून जपानीत कधीच न संपणाऱ्या बैठकीला 'ओदावारा ह्योजो' म्हणतात, ओदावाराची मसलत. आपण चर्चेचं गुऱ्हाळ म्हणतो तेच. आमच्याकडच्या पुलांच्या आणि पादचारी जिन्यांच्या किती बैठकांना हे नाव शोभेल, ते डोंबिवलीकरांना सांगायला नको.

चार वाजता निघायचं होतं. सामान घेऊन मी मुद्दाम सगळ्यांना लोकलच्या फलाटावर नेलं आणि तिथून घड्याळ लावलं. ताईचा उजवा गुडघा दुखरा, त्यामुळे लिफ्ट. वर आलो, कंदील ओलांडला, पुलावरून सरळ पश्चिमेकडे. उन्हात येणं नाही, रस्ता ओलांडणं नाही, रिक्षा नाही. शिंकानसेनचं फाटक, पुन्हा लिफ्ट, चौदा नंबर. सहा मिनिटं वीस सेकंद, त्यात ताई एकदा कामाबोकोच्या दुकानापाशी थांबली ते धरून. हे आकडे मी वहीत लिहिले. चार दिवसांत मला हवं होतं ते एवढंच होतं. लोकलने येणारा माणूस सामानासकट सहा मिनिटांत जिथे वेगवान गाडीत बसतो, तिथेच ती गाडी त्या गावाची होते. नाहीतर ती वरून जाणाऱ्या विमानासारखी.

कोदामा आली, उभी राहिली. आता आम्ही आतल्या बाजूला होतो. भाची फोनमध्ये, ताई खिडकीशी. मी म्हटलं, थांब, आता हलेल. रूळ गुणगुणले, धप्प असा हवेचा दाब काचेवर आला, डबा डुलला. ताईने फळीची पिशवी मांडीवर धरून ठेवली होती. "गेली?" तिने विचारलं. गेली होती. मग आमची दारं लागली, आणि कामोनोमिया कुठे गेलं ते कळायच्या आत शिन-योकोहामाची घोषणा झाली.

म्हातार्डीचं स्टेशन उभं राहतंय. बीकेसीहून शिळफाट्यापर्यंत 21 किलोमीटरचा बोगदा, त्यातला सात किलोमीटर खाडीखालून, आणि तिथून बाहेर आलं की आमचं गाव. हे बांधणं मोठं आहे, मला त्याचा अभिमान आहे. पण दिव्याच्या आणि कोपरच्या फलाटापासून तिथवरची वाट कशी असेल, हे मला आता बघायचंय. पुढच्या रविवारी मी आणि ताई दिव्याला उतरून म्हातार्डीपर्यंत चालत जाणार आहोत. वही तीच, घड्याळही तेच.